शेजाराचे नाट्य : सई परांजपे यांच्या दूरचित्रवाणी संहितालेखनाचा चिकित्सक अभ्यास

प्रस्तावना :

मराठी समीक्षेने कथा, कादंबरी, कविता आणि नाटक या वाङ्मयप्रकारांची सातत्याने दखल घेतली आहे. एकांकिका आणि लोकनाट्य यांनाही तिने आपल्या कक्षेत सामावून घेतले. दूरचित्रवाणीसाठी लिहिल्या गेलेल्या नाट्यसंहितेच्या वाट्याला मात्र अशी दखल क्वचितच आली. ही संहिता एकदा प्रक्षेपित होते आणि विसरली जाते. ती ग्रंथरूपाने येत नाही, म्हणून तिच्यावर परीक्षणे लिहिली जात नाहीत आणि परीक्षणे नाहीत म्हणून ती अभ्यासक्रमात येत नाही. या दुष्टचक्रामुळे एका संपूर्ण लेखनप्रकाराचा इतिहास आपल्या हातून निसटत चालला आहे. आज अनेक विद्यापीठांच्या मराठी अभ्यासक्रमांत ‘माध्यमांसाठी लेखन’ हा घटक शिकविला जातो. तथापि तो शिकविताना विद्यार्थ्यांपुढे आदर्श म्हणून कोणती संहिता ठेवावी, असा प्रश्न अध्यापकाला पडतोच.

या पार्श्वभूमीवर सई परांजपे यांच्या लेखनकारकिर्दीचा विचार महत्त्वाचा ठरतो. सर्वसामान्य प्रेक्षक त्यांना ‘स्पर्श’, ‘चश्मे बद्दूर’ आणि ‘कथा’ या चित्रपटांच्या दिग्दर्शिका म्हणून ओळखतो. परंतु त्या मुळात लेखिका आहेत आणि त्यांच्या लेखणीला खरा आकार मिळाला तो दूरदर्शनच्या स्टुडिओत. त्यांचे दूरचित्रवाणीलेखन ही चित्रपटाकडे जाताना लागलेली केवळ एक पायरी नव्हती, तर त्यांच्या पुढील सर्व निर्मितीची घडण त्या लेखनातच झाली, अशी प्रस्तुत लेखाची भूमिका आहे. ‘शेजार’ हे या घडणीचे केंद्र आहे, असे येथे दाखवून द्यावयाचे आहे.

अभ्यासाची उद्दिष्टे व मर्यादा :

सई परांजपे यांच्या बहुविध लेखनातील अंतःसूत्र शोधणे, दूरचित्रवाणी या माध्यमाच्या बंधनांचा त्यांच्या संहितेवर झालेला परिणाम तपासणे आणि त्यांच्या लेखनाच्या सामर्थ्यस्थळांबरोबरच मर्यादांचीही चर्चा करणे, ही या लेखाची उद्दिष्टे होत. १९६० आणि १९७० च्या दशकांतील त्यांची दूरदर्शन नाटके आज सहजी पाहावयास मिळत नाहीत. त्यामुळे त्या नाटकांतून पुढे विकसित झालेल्या चित्रपटसंहितांच्या आधारे हे विवेचन केले आहे.

जडणघडण : बालरंगभूमी, आकाशवाणी आणि नाट्यविद्यालय

सई परांजपे यांचा जन्म १९ मार्च १९३८ चा. आई शकुंतला परांजपे या लेखिका, अभिनेत्री आणि कुटुंबनियोजनाच्या क्षेत्रातील कार्यकर्त्या. पुढे त्या राज्यसभेच्या नामनियुक्त सदस्यही झाल्या. आजोबा रँग्लर र. पु. परांजपे हे केंब्रिजमध्ये सीनिअर रँग्लर होण्याचा मान मिळविणारे पहिले भारतीय आणि फर्ग्युसन महाविद्यालयाचे प्राचार्य. वडील युरा स्लेप्ट्झॉफ हे रशियन चित्रकार होते. परंतु सईंचे संगोपन आई आणि आजोबा यांच्याकडेच झाले. आजोबा ऑस्ट्रेलियात भारताचे उच्चायुक्त असताना त्यांच्या बालपणीचा काही काळ तेथे गेला. वयाच्या आठव्या वर्षी त्यांचे ‘मुलांचा मेवा’ हे पुस्तक प्रसिद्ध झाले.

हा कौटुंबिक तपशील येथे केवळ परिचयापुरता दिलेला नाही. विवेकवादी वातावरण, अनेक भाषांशी आलेला संबंध आणि मोठ्या माणसांच्या जगाकडे मिस्कीलपणे पाहणारी बालदृष्टी या तीन गोष्टी त्यांच्या लेखनात अखेरपर्यंत टिकून राहिल्या. पुण्याच्या आकाशवाणी केंद्रावर निवेदिका म्हणून काम करीत असताना त्यांनी बालकार्यक्रमांत लक्ष घातले आणि मुलांसाठी नाटके लिहून ती बसविली. आकाशवाणीने त्यांना दोन गोष्टी शिकविल्या. पहिली म्हणजे वाक्य कानाला पटले पाहिजे. दुसरी म्हणजे ज्याला काही दिसत नाही अशा श्रोत्यापुढे संपूर्ण जग केवळ आवाजातून उभे करता येते. यातील दुसऱ्या धड्याचे मोल ‘स्पर्श’च्या संदर्भात विशेषत्वाने जाणवते.

१९६३ मध्ये दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्यविद्यालयातून त्या पदवीधर झाल्या. इब्राहिम अल्काझी यांनी नुकतीच संचालकपदाची सूत्रे हाती घेतली होती, असा तो काळ होता. शिस्त, तपशिलाचा आग्रह आणि रंगमंचावरील प्रत्येक वस्तूला अर्थ असला पाहिजे ही जाणीव तेथील शिक्षणातून आली. मराठी लेखिकेचा हिंदी या भाषेशी सर्जनशील संबंध जुळला तोही याच काळात.

दूरदर्शन : बंधनांची कार्यशाळा

भारतातील दूरचित्रवाणीचा प्रारंभ १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत प्रायोगिक स्वरूपात झाला. १९६५ मध्ये दैनंदिन प्रक्षेपण सुरू झाले. मुंबई केंद्र सुरू होण्यास २ ऑक्टोबर १९७२ हा दिवस उजाडावा लागला. सई परांजपे यांनी दिल्ली दूरदर्शनवर निर्माती म्हणून अनेक वर्षे काम केले. ‘द लिटल टी शॉप’ या १९७२ मधील त्यांच्या दूरचित्रपटाला आशियाई प्रसारण संघाचा पुरस्कार मिळाला. मुंबई केंद्राच्या उद्घाटनाच्या कार्यक्रमाची निर्मिती करण्यासाठीही त्यांचीच निवड झाली होती.

त्या काळातील स्टुडिओनाटकाचे स्वरूप लक्षात घेतल्याशिवाय त्यांच्या संहितेचे मर्म उलगडत नाही. जागा एका स्टुडिओपुरती, नेपथ्य एकदोन खोल्यांचे, पात्रे मोजकी, पैसा तुटपुंजा आणि वेळ घड्याळाने बांधलेला, अशी परिस्थिती होती. युद्ध, पूर किंवा मिरवणूक दाखविणे शक्य नव्हते. दाखविता येत होता तो माणसाचा चेहरा, तोही अगदी जवळून. रंगमंचावरील नटाला शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचायचे असते. दूरचित्रवाणीचा प्रेक्षक मात्र घरातल्या खोलीत चार हातांवर बसलेला असतो. तेथे आवाज चढविला की कृत्रिमता उघडी पडते. प्रेक्षक स्वतःच्या घरात, घरच्या माणसांबरोबर आणि त्या काळात बहुधा शेजाऱ्यापाजाऱ्यांबरोबर हे नाटक पाहत असे. ज्या माध्यमाचा प्रेक्षकच शेजार होता, त्या माध्यमाची लेखिका शेजारावर लिहू लागली, यात आश्चर्य नाही.

या बंधनांतून त्यांच्या संहितेचे तीन विशेष सिद्ध झाले. (१) मोठ्या घटनेऐवजी लहान वस्तूभोवती प्रसंग उभा करणे. (२) संवादात विनोद पेरण्यापेक्षा स्वभावातून विनोद निर्माण होऊ देणे. (३) खलपात्राशिवाय संघर्ष उभारणे. हे तिन्ही विशेष पुढील संहितांच्या आधारे तपासता येतात.

‘रैना बीती जाये’ ते ‘स्पर्श’ : दया आणि मदत

‘स्पर्श’ (१९८०) या चित्रपटाचे बीज ‘रैना बीती जाये’ या त्यांच्या दूरदर्शन नाटकात आहे. अंधशाळेचे दृष्टिहीन मुख्याध्यापक अनिरुद्ध परमार आणि पतिनिधनानंतर स्वतःला मिटून घेतलेली कविता या दोघांची ही कथा. दिल्लीतील अंधशाळेत आणि तेथील मुलांच्या सहभागाने तिचे चित्रण झाले. सर्वोत्कृष्ट हिंदी चित्रपट, सर्वोत्कृष्ट पटकथा आणि नसीरुद्दीन शाह यांना सर्वोत्कृष्ट अभिनेता असे राष्ट्रीय पुरस्कार या चित्रपटाला लाभले.

या संहितेत खलपात्र नाही. समाज अंधांना छळतो असे सोपे समीकरणही येथे मांडलेले नाही. संघर्ष आहे तो दया आणि मदत या दोन शब्दांच्या अर्थांमधील. अनिरुद्धला मदत चालते, दया चालत नाही. परंतु दयेचा तिरस्कार करता करता तो इतका सावध होतो की प्रेमातही त्याला त्यागाचा आणि उपकाराचा वास येऊ लागतो. कविता आपल्याशी विवाह करून स्वतःच्या आयुष्याला एक उदात्त हेतू शोधत आहे की काय, ही शंका त्याला ग्रासते. ही शंका पूर्णपणे निराधार नाही, हे या लेखनाचे सामर्थ्य होय. कविताच्या मनातही आपण नेमके काय करीत आहोत याविषयी स्पष्टता नसते. दोन्ही बाजूंना काही अंशी न्याय आणि काही अंशी दोष देणारी ही मांडणी पात्रांना आदर्श किंवा दयनीय होऊ देत नाही.

तंत्राच्या दृष्टीने पाहता या चित्रपटात आकाशवाणीचा संस्कार ठळकपणे जाणवतो. नायक नायिकेपर्यंत पोहोचतो तो तिच्या गाण्याच्या स्वराचा मागोवा घेत. पावलांचे आवाज, भांड्यांचे आवाज, कपड्याचा पोत आणि सुगंध यांच्याद्वारे प्रसंग पुढे सरकतात. प्रेक्षकाला दिसते आणि नायकाला दिसत नाही, या अंतराचा उपयोग अनेक लेखकांनी करुणेसाठी केला असता. सई परांजपे त्या अंतराचा उपयोग प्रेक्षकाच्या दृष्टीतील उणीव दाखविण्यासाठी करतात.

‘धुआँ धुआँ’ ते ‘चश्मे बद्दूर’ : क्षुल्लकाचे महात्म्य

‘चश्मे बद्दूर’ (१९८१) हाही मूळचा दूरदर्शन नाटकाचाच विस्तार. त्या नाटकाचे नाव होते ‘धुआँ धुआँ’. सिद्धार्थ, ओमी आणि जोमो हे तीन तरुण दिल्लीत एका खोलीत राहतात आणि एक सिगारेट तिघांत ओढतात. या एका वस्तूतून त्यांची आर्थिक स्थिती, मैत्री आणि निरुद्योग या तिन्ही गोष्टी प्रकट होतात. नायिका नेहा ‘चमको’ नावाची कपडे धुण्याची पावडर विकण्यासाठी दाराशी येते आणि प्रेमकथेला आरंभ होतो तो बादलीतील फेसाच्या साक्षीने. कोपऱ्यावरचे लल्लन मियाँचे पानाचे दुकान म्हणजे उधारीची वही आणि वडीलकीचा धाक यांचे एकत्रित रूप आहे.

नेहाने झिडकारल्यावर ओमी आणि जोमो आपापल्या यशाच्या खोट्या कहाण्या रचतात आणि त्या कहाण्यांचे चित्रण हिंदी चित्रपटांतील प्रणयदृश्यांच्या विडंबनातून होते. येथे विनोद विडंबनापुरता थांबत नाही. त्याच खोट्या कहाण्यांवर विश्वास ठेवून सिद्धार्थ नेहापासून दूर होतो. म्हणजे हशा पिकविणारी थापच पुढे दुःखाचे कारण बनते. विनोद आणि कथानक यांचा असा एकजीव सांधा आपल्याकडील विनोदी नाट्यलेखनात दुर्मीळ आहे.

चित्रपटाच्या उत्तरार्धाबाबत मात्र आक्षेप नोंदविणे आवश्यक वाटते. रुसलेल्या प्रेमिकांना एकत्र आणण्यासाठी मित्र नायिकेच्या अपहरणाचा बनाव रचतात आणि त्यातून खरेच अपहरण घडते. हा शेवट ज्या चित्रपटांचे विडंबन आतापर्यंत चालले होते, त्यांच्याच वाटेने जातो. तेही विडंबनच आहे असा बचाव करता येईल. परंतु सिगारेटच्या धुरावर आणि साबणाच्या फेसावर तोललेले नाट्य पाठलागाचा भार पेलू शकत नाही, हे पाहताना जाणवतेच. येथे दूरचित्रवाणीचे बंधन सुटले आणि त्याबरोबर संहितेचा तोलही काहीसा सुटला, असे म्हणता येईल. २०१३ मध्ये या चित्रपटाचे नवे हिंदी रूपांतर झाले आणि ५ एप्रिल रोजी मूळ चित्रपटही त्याच्याबरोबर पुन्हा प्रदर्शित करण्यात आला. तीन दशकांनंतर प्रेक्षकांपुढे आणण्याजोगे त्यात जे उरले होते ते अपहरणनाट्य नव्हे, तर ती खोली, ते पानाचे दुकान आणि तो ‘चमको’चा प्रसंग होय.

‘कथा’ : चाळ हेच पात्र

‘कथा’ (१९८३) हा चित्रपट श. गो. साठे यांच्या ‘ससा आणि कासव’ या मराठी नाटकावर आधारित आहे. राजाराम हा कासव आणि बाशू हा ससा. परंतु प्राचीन नीतिकथेत शेवटी कासव जिंकते, तसे येथे निर्भेळपणे घडत नाही. बाशू सर्वांना गंडवून सुखरूप निघून जातो. शर्यत हरल्याचे त्याला कळतही नाही, कारण तो दुसऱ्याच शर्यतीत उतरलेला असतो. राजारामला संध्या मिळते ती बाशूने फसवून सोडून दिल्यानंतर. हा विजय मानावा की उरलेसुरले पदरात घेणे मानावे, हा प्रश्न संहिता प्रेक्षकावर सोपविते. राजारामचा चांगुलपणा आणि त्याचा भिडस्तपणा यांतील सीमारेषा पुसट ठेवण्यात लेखिकेचे कौशल्य दिसते.

या संहितेतील खरे प्रमुख पात्र म्हणजे चाळ. बाशू एकट्या राजारामला फसवीत नाही. सारी चाळ आनंदाने फसते. ज्या शेजारात एकमेकांच्या डब्यातील साखर मोजली जाते, त्याच शेजारात झुळझुळीत बोलणाऱ्या उपऱ्याला डोक्यावर घेतले जाते आणि प्रामाणिक माणूस गृहीत धरला जातो. शेजाराविषयी ममत्व असूनही त्याच्या भाबडेपणाची आणि ढोंगाची चिकित्सा करणारी ही दृष्टी मराठी चाळसाहित्याच्या परंपरेत महत्त्वाची भर घालते. हिंदी भाषेत बोलणारी ही चाळ आपल्या स्वभावाने अस्सल मराठी आहे. या चित्रपटालाही सर्वोत्कृष्ट हिंदी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

मालिका आणि रंगभूमी :

१९८२ मध्ये रंगीत प्रक्षेपण आले आणि ७ जुलै १९८४ रोजी मनोहर श्याम जोशी लिखित ‘हम लोग’ ही मालिका सुरू झाली. त्यानंतर दूरदर्शनवर मालिकांचे युग अवतरले. सई परांजपे यांनी ‘अडोस पडोस’ (१९८४) आणि ‘छोटे बडे’ (१९८५) या मालिका दिल्या. ‘अडोस पडोस’ या शीर्षकाची त्यांच्या ‘सख्खे शेजारी’ या मराठी नाटकाशी तुलना करता भाषा आणि माध्यम बदलूनही लेखिकेचे अवधान कोठे खिळलेले आहे ते स्पष्ट होते. ‘जास्वंदी’, ‘नांदा सौख्यभरे’, ‘माझा खेळ मांडू दे’ ही त्यांची अन्य नाटके. अलीकडच्या काळात आलेले ‘इवलेसे रोप’ हे नाटक पाहता त्यांची लेखणी ऐंशी वर्षांच्या वयानंतरही थांबलेली नाही.

तत्कालीन मालिका साधारणतः १३ किंवा २६ भागांत पूर्ण होत असत. लेखकाला शेवट ठाऊक असे. १९९२ नंतर खाजगी वाहिन्या आल्या, १९९९ मध्ये अल्फा टीव्ही मराठी सुरू झाली आणि कालांतराने दैनंदिन मालिकेने मराठी घराचा ताबा घेतला. या मालिकेला शेवट नसतो. प्रेक्षकसंख्या टिकते तोवर ती चालते. शेवट नसल्यामुळे स्वभावातून संघर्ष निर्माण करणे परवडत नाही आणि कारस्थानी खलपात्र अपरिहार्य होऊन बसते. एकाच घरात राहणारी माणसे परस्परांविरुद्ध कट करू लागतात आणि शेजारी तर कथानकातून हद्दपारच होतो. सई परांजपे यांच्या संहितेशी तुलना केल्यास हा बदल केवळ अभिरुचीचा नसून रचनेचा आहे, हे ध्यानात येते.

‘दिशा’ : शेजार मोडतो तेव्हा

सई परांजपे यांचे लेखन नागर मध्यमवर्गापुरते मर्यादित आहे, असा आक्षेप घेतला जातो. त्यात तथ्य नाही असे नाही. त्यांच्या गाजलेल्या संहितांत जातीचा प्रश्न जवळजवळ येत नाही आणि दारिद्र्य बहुधा विनोदाला पोषक ठरेल इतपतच असते. परंतु ‘दिशा’ (१९९०) या चित्रपटाचा विचार केल्याशिवाय हा आक्षेप पूर्णत्वास जात नाही. दुष्काळी गावातून मुंबईच्या कापडगिरणीत जाणारा तरुण, गिरणीकामगारांनी दाटलेली खोली, गावात विडीच्या कारखान्यात राबून स्वतःच्या पायावर उभी राहणारी स्त्री आणि लोकांच्या चेष्टेला न जुमानता वर्षानुवर्षे विहीर खणणारा माणूस, अशी ही कथा आहे.

बालाघाटच्या डोंगररांगांत वसलेल्या वाशी, भूम, कळंब या परिसरातील अध्यापकाला ही कथा दूरची वाटत नाही. दिवाळीनंतर ऊसतोडीसाठी बाहेर पडणाऱ्या बैलगाड्या आणि ट्रक, मधूनच रिकामे होणारे वर्ग आणि वृद्धांच्या हवाली केलेली घरे आपण पाहिलेली आहेत. येथे शेजार म्हणजे चाळीची गॅलरी नव्हे. येथे शेजार मोडतो आणि खोपीत नव्याने बांधला जातो. ‘दिशा’मध्ये शहरातील खोली हेच एक विस्थापित गाव आहे. तेथे जागेसाठी भांडणे आहेत आणि आजारात एकमेकांना सांभाळणेही आहे. विहिरीला अखेर पाणी लागते, हा शेवट आशादायी आहे. तो अतिसुलभ आहे काय? विहीर खणणाऱ्याचा वेडेपणा आणि निष्ठा यांत फरक न करणाऱ्या गावाचे चित्रण पाहता हा आशावाद फुकटचा वाटत नाही. तथापि पाण्याच्या प्रश्नाचे उत्तर एका माणसाच्या जिद्दीत शोधणे ही या संहितेची मर्यादा मानावी लागेल. दुष्काळग्रस्त भागातील वाचक तरी ती मर्यादा सहज ओलांडून पुढे जाऊ शकत नाही.

‘दिशा’नंतरच्या ‘पपीहा’ (१९९३), ‘साज’ (१९९७), ‘चकाचक’ (२००५), ‘सुई’ (२००९) या कलाकृतींतून वन, संगीत, स्वच्छता, व्यसन आणि एड्स असे विषय येतात. विषयवैविध्य मोठे असले तरी यांतील काही कृतींत संदेश स्वभावचित्रणाच्या पुढे धावतो. ‘स्पर्श’मध्ये प्रश्न पात्रांच्या नात्यातून उगवतो, येथे पात्रे कधी कधी प्रश्नासाठी निर्माण केल्यासारखी वाटतात.

निष्कर्ष :

१. सई परांजपे यांच्या बहुविध लेखनामागे ‘शेजार’ हे एकच अंतःसूत्र आहे. अंधशाळा, भाड्याची खोली, चाळ आणि गिरणीकामगारांचे बिऱ्हाड ही त्याची वेगवेगळी रूपे होत.

२. दूरदर्शनच्या स्टुडिओतील बंधनांनी त्यांच्या संहितेला लहान वस्तू, स्वभावनिष्ठ विनोद आणि खलपात्रविरहित संघर्ष ही वैशिष्ट्ये दिली. जेथे हे बंधन सुटले तेथे संहिता काहीशी विस्कळीत झाली.

३. जातवास्तवाची अनुपस्थिती आणि सामाजिक प्रश्नांची व्यक्तिगत पातळीवर होणारी सोडवणूक या त्यांच्या लेखनाच्या मर्यादा आहेत.

४. दूरचित्रवाणी संहिता हा स्वतंत्र वाङ्मयप्रकार मानून तिचे संकलन, मुद्रण आणि अध्यापन होणे गरजेचे आहे.

समारोप :

२००६ मध्ये भारत सरकारने सई परांजपे यांना पद्मभूषण देऊन गौरविले. २०१६ मध्ये ‘सय’ हे त्यांचे आत्मकथन प्रसिद्ध झाले. जानेवारी २०२५ मध्ये छत्रपती संभाजीनगर येथील अजिंठा-वेरूळ आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात त्यांना पद्मपाणी जीवनगौरव पुरस्कार प्रदान करण्यात आला. मराठवाड्याच्या भूमीवर झालेला हा गौरव चित्रपटकर्तीचा होता आणि तो यथोचितच होता. परंतु त्या चित्रपटकर्तीला घडविणारी दूरदर्शनची नाटककार आपल्या ग्रंथालयात कोठेही सापडत नाही. ‘धुआँ धुआँ’ आणि ‘रैना बीती जाये’ यांच्या संहिता जर विद्यार्थ्याच्या हाती देता आल्या, तर एक खोली, तीन माणसे आणि एक सिगारेट एवढ्या सामग्रीवर नाट्य कसे उभे राहते, हे त्याला व्याख्यानावाचून कळेल. साधनांची चणचण असलेल्या ग्रामीण महाविद्यालयातील होतकरू लेखकाला यापेक्षा उपयुक्त धडा दुसरा नसावा.